ताटात मिरची नाही

अमरावती,
४ नोव्हेंबर २०२४

आदरणीय सर,

सलाम.

तुम्ही हे पत्र उघडणार नाही, असं काकू फोनवर म्हणाल्या. नका उघडू. टेबलावर पडू द्या. तुमची सवय मला ठाऊक आहे. लिहिलेला कागद समोर आला की तुम्हाला वाचल्याशिवाय राहवत नाही, मग तो शेंगदाण्याचा पुडा का असेना.

बातमी अशी आहे की आपल्या वऱ्हाडच्या गादीवर सिनेमा होतो आहे. साताऱ्यावर नाही, दिल्लीवर नाही. आपल्या एलिचपुरावर, आजच्या अचलपुरावर. बहमनी राज्य मोडलं आणि इमादशाहीची गादी इथं बसली, ती गोष्ट. आणि त्यातल्या इतिहासाचा सगळा भार माझ्यावर आहे. कपडे, भांडी, दागिने, बोलणं, खाणं, सगळं. दिग्दर्शक रोहित हा अकोटचा पोरगा आहे. "मॅडम, तुम्ही नाही म्हटलं ते पडद्यावर जाणार नाही," असं त्यानं चार लोकांसमोर कबूल केलंय. सर, मला अंगणात नाचावंसं वाटतंय. चोपन्न वर्षांच्या बाईनं नाचलं तर गल्ली काय म्हणेल, म्हणून तुम्हाला पत्र लिहिते आहे.

मी कॉलेज सोडून मुंबईच्या मालिकेचं काम घेतलं, त्या दिवशी तुम्हाला सांगायला अकोल्याला, जठारपेठेतल्या तुमच्या घरी आले होते. तुम्ही मला बसाही म्हणाला नाहीत. "अनीसा, मी तुले पुरावा वाचाले शिकवलं, अन् तू नटायच्या डोक्यावर मुकुट ठेवून राहिली. पडद्यावर तळटीप कुठं देशील वं?" एवढं बोलून आत निघून गेलात. काकूंनी आणलेला चहा तसाच निवला. त्याला तीन वर्षं होऊन गेली.

त्या मालिकेत माझं काय झालं, ते तुम्ही पाहिलं नसेल तर बरंच. मी दरबारातून टोमॅटो काढायला लावला, तर पुढच्या भागात तितकीच परदेशी मक्याची कणसं आली. सुलतानाच्या मनगटावर घड्याळाचा गोरा पट्टा स्पष्ट दिसत होता. नंतरच्या सिनेमात माझं नाव शेवटच्या नावांच्या पाट्यांमध्ये आलं, पण गाडी चालवणाऱ्यांच्याही नंतर, आणि तोवर थेटरात झाडूवाली बाई आली होती. तेव्हा तुमचं बरोबर होतं, असं मी म्हणत नाही. एवढंच म्हणते, की या खेपेला मी नुसती सल्ला द्यायला गेलेली नाही.

तुम्ही मानत नसलात तरी तुमची विद्यार्थिनी,
अनीसा


परतवाडा,
९ जानेवारी २०२५

आदरणीय सर,

आधीचं पत्र परत आलं नाही. म्हणजे तुम्ही घेतलंत. बस, एवढं पुरे आहे मला.

दरबार उभा राहिलाय! अचलपूरच्या बाहेर एका बंद जिनिंगच्या शेडमध्ये. आत गेलं की कापसाचा जुना वास येतो आणि समोर तख्त दिसतं. गाविलगडाच्या दिल्ली दरवाज्यावरचा तो दोन डोक्यांचा पक्षी आठवतो ना? आमची सहल नेली होती तेव्हा तुम्ही सगळ्या वर्गाला उन्हात उभं केलं होतं. त्यानं चोचीत काय धरलंय, पायात काय धरलंय, हे नीट बघून सांगितल्याशिवाय कोणी डबा उघडायचा नाही, असा हुकूम होता. तोच पक्षी आता आमच्या सुताराने सागवानात कोरलाय. पहिल्यांदा त्याचा एक पंख चुकला. मी त्याला उन्हात उभं केलं नाही, पण गाविलगडावर नेऊन आणलं. दुसऱ्यांदा बरोबर आला.

मी अम्मीकडेच राहते आहे. अब्बांची लाकूड कापायची आरामशीन होती त्या जागी आता मोबाईलचं दुकान आहे, पण गल्लीतली म्हातारी माणसं मला अजून "गफ्फारसेठची पोरगी" म्हणतात. ती पोरगी आता राजे बसवते आहे, हे ऐकून त्यांना फार मौज वाटते.

आता गंमत ऐका. गादी बसल्याच्या आनंदात एक मोठी पंगत आहे. ही पंगत कुठल्याही तवारिखेत नाही. ती लेखकाने कल्पनेने घातली आहे, आणि तसं सिनेमाच्या सुरुवातीला स्पष्ट लिहिणार असाल तरच मी पुढं बोलेन, असं मी सांगितलंय. त्यांनी मान्य केलं. मग मी ताट लावलं. ज्वारीची भाकर, रोडगे, तुरीचं वरण, अंबाडीची भाजी, वांगं, मटण, जवसाची चटणी. मिरची नाही.

सिनेमात ज्यांनी पैसा घातलाय, त्यांची मसाल्याची कंपनी आहे. त्यांनी सिनेमावर नेमलेले साहेब ताटाकडे बघतच राहिले. "मॅडम, वऱ्हाडी जेवण आणि तर्री नाही? लाल काहीच नाही?" मी म्हटलं, मिरची समुद्रापलीकडची. ती पोर्तुगिजांच्या जहाजांतून आली, आणि आमची गादी बसली तेव्हा ती जहाजं इकडं फिरकलीसुद्धा नव्हती. साहेब म्हणाले, "हे कोणाला माहीत आहे?" मी म्हटलं, मला माहीत आहे.

आमच्या अम्मीलासुद्धा पटत नाही. "मिरची के बिगर? तो फिर वो लोगां खाते क्या थे, हवा?" असं म्हणून तिने माझ्या ताटात मुद्दाम दोन तळलेल्या मिरच्या टाकल्या. मी खाल्ल्या. मी काही पंधराव्या शतकात राहत नाही.

तुमची,
अनीसा

ता. क. एक गोष्ट वर लिहायची राहिली. राहिली म्हणजे लिहायची नव्हती. साहेबांनी सांगितलंय की एक तर ताटात मिरची येईल, नाहीतर पाट्यांमधून माझं नाव जाईल. माझं नाव जाऊन मिरची आली, तर तुमचा तळटिपेचा प्रश्न खरा ठरला, सर. मग मी पुन्हा पडद्याचं नाव काढणार नाही, आणि तुम्हाला पत्रंही लिहिणार नाही.


परतवाडा,
२७ जानेवारी २०२५

सर,

काल पंगत झाली. सांगते. बसून वाचा.

पंगतीला अचलपूर-परतवाड्यातलीच माणसं बसवली होती. खरी शेतकरी माणसं, खरे हात, खऱ्या भुका. पुढच्या रांगेत मनकर्णाबाई नावाची एक बाई. नाकात मोठी नथ, आवाज असा की ध्वनिवाल्याने यंत्राचा कान पिळून कमी केला. पहिला टेक झाला. सगळे असे जेवत होते जसं कोणाच्या तेराव्याला आलेत. रोहित ओरडला, "अहो, तुमचा राजा झालाय! आनंदाने जेवा!" दुसऱ्या टेकला माणसं आनंदाने जेवली, म्हणजे दात दाखवून भाकरी चघळली.

तिसऱ्या टेकला काय झालं कोण जाणे. पंगत पेटली! बोटं चाटली जाताहेत, नाकं वाहताहेत, कोणी मांडीवर थाप मारतंय, कोणी भाकर मागतंय. रोहित खुर्चीवरून उठून नाचायला लागला. मी कॅमेऱ्याच्या छोट्या पडद्याजवळ गेले आणि मला मनकर्णाबाईच्या भाकरीखाली हिरवं काहीतरी दिसलं.

ठेचा. घरून डबा भरून आणला होता आणि मागून मागून अख्ख्या रांगेला फिरवला होता.

"मनकर्णाबाई, हे काय?"

"बाई, बिनमिरचीचं कोनाच्या नरड्याखाली उतरते? राजाच्या घरी आलो म्हणून का उपाशी मरावं मानसानं?"

मसालेवाल्या साहेबांना तर आकाश ठेंगणं झालं. "बघा मॅडम, जनतेनेच निकाल दिला." रोहित माझ्याकडे बघेना. हळूच म्हणाला, "मॅडम, असा टेक पुन्हा मिळणार नाही." आणि सर, खोटं कशाला बोलू, तो टेक खरंच देखणा होता. मलाही तो हवा होता. एक क्षण वाटलं, भाकरीखालचं कोणाला दिसतंय? चारशे माणसांच्या थेटरात एकालाही दिसणार नाही. मग वाटलं, एकाला दिसेल. तो येणार नाही म्हणा, पण आला तर त्याला दिसेल.

मी रोहितला म्हटलं, "तू चार लोकांसमोर काय कबूल केलं होतंस?" तो डोकं खाजवायला लागला. "मला उद्या सकाळपर्यंत वेळ दे. यांना तिखट पाहिजे ना, तिखट देते."

तुमचा खोकला आठवला, सर. बी.ए.च्या पहिल्या वर्षाला तुम्ही खोकल्यासाठी कोटाच्या खिशात पानपिंपळी, ती मिरीच्या जातीची लांबट कांडी, ठेवायचात आणि शिकवता शिकवता चघळायचात. मला वाटलं लवंगेसारखं काही असेल, म्हणून मी एक मागून घेतली आणि अख्खी चावली. तासभर डोळ्यांतून धार. तुम्ही फळ्याकडं तोंड करून वर्गाला म्हणालात, "पाहा, अनीसा बहमन्यांसाठी रडून राहिली." सगळा वर्ग हसला होता. मला तेव्हा तुमचा इतका राग आला होता की मी इतिहासच घेतला.

तर लगेच जीप अंजनगावला पाठवली. पानमळ्यातून ताजी पानपिंपळी आली, वाळलेलीही आली. लसूण, तीळ, मीठ, आणि ती. पाट्यावर मनकर्णाबाईलाच बसवलं. वाटून झाल्यावर तिने बोटावर घेऊन चाखलं. मग डोळे पुसले.

"आई वं, हे त मिरचीची सासू हाय!"

आज सकाळी टेक झाला. कालच्यापेक्षा सरस! नाकं वाहिली, मांड्या वाजल्या, मनकर्णाबाईने तर राजाकडे बघून "आनखी वाढा!" अशी आरोळी दिली, जी लेखकाने लिहिलीच नव्हती. रोहितने माझ्या पाया पडायचं नाटक केलं. मी त्याला उठू दिलं नाही.

तुम्ही विचाराल म्हणून आधीच सांगते. मिरचीच्या आधी या देशात तिखट म्हणजे मिरी आणि पिंपळी, याला आधार आहे. अंजनगावात ती तेव्हा पिकत होती का, याचा पुरावा माझ्याकडे नाही. बाजारात मिळत होती, एवढंच म्हणता येईल. मी एवढंच म्हणते.

तुमची,
अनीसा


अमरावती,
१८ जून २०२५

आदरणीय सर,

मध्ये पत्र आलं नाही म्हणून काळजीत पडला नसाल. काकू म्हणतात तुम्ही दोनदा विचारलंत, "पोस्टमन येऊन गेला का." विजेचं बिल यायचं असेल.

मी लिहिलं नाही, कारण लिहिण्यासारखं काही नव्हतं. हे खरं नाही. लिहिण्यासारखं होतं, पण ते वाचून तुम्ही मान हलवली असती, आणि ती मान मला अमरावतीत बसून दिसली असती.

मुंबईत सिनेमाच्या संकलनात, कापाकापीच्या वेळी साहेबांनी नवीन युक्ती काढली. चित्रीकरण झालं ना? होऊ द्या. आपण संगणकावर मिरची घालू! आणि घातली. मला बोलावून दाखवलं. ताटाच्या कडेला दोन लालभडक मिरच्या, देठासकट, अशा चकाकत होत्या की जणू त्यांचाच राज्याभिषेक चाललाय. मी म्हटलं, ह्या काढा. ते म्हणाले, मग तुमचं नाव काढतो. मी म्हटलं, काढा. आणि काढलं, सर. मी बॅग उचलून परतवाड्याला अम्मीकडे आले. अम्मीशिवाय कोणाला बोलले नाही. अम्मी म्हणाली, "मिर्ची के वास्ते इत्ता?" मग माझं तोंड बघून तिने त्या आठवड्यात घरात मिरचीचा स्वयंपाक केला नाही. तिच्या आयुष्यात तिने माझ्यासाठी केलेली ही सगळ्यात मोठी गोष्ट असेल.

पण घरात बसून किती दिवस रडणार? मी मनकर्णाबाईला गाठलं, पुन्हा तो पानपिंपळीचा ठेचा वाटून घेतला, बरणी आणि भाकरी घेतल्या आणि सरळ त्या कंपनीच्या मालकाकडे गेले. साहेबांकडे नाही, मालकाकडे. रोहितही आला. येताना म्हणाला, "मॅडम, मिरचीवाला सिनेमा निघाला तर माझंही नाव काढा म्हणून सांगतो." अकोटचं पोरगं आहे, शब्दाला जागलं.

मालक म्हातारे, धोतरातले, आयुष्यभर मसाला विकलेले. मी म्हटलं, "शेठ, आधी खा, मग बोला." त्यांनी भाकरीला लावून खाल्लं. कपाळ ओलं झालं. पाणी प्याले, उपयोग नाही. कान लाल झाले. रोहितने पेला पुन्हा भरला. मग शेठ हसायला लागले. उपरण्याने डोळे पुसत म्हणाले, "पन्नास वर्षं धंद्यात काढली, आणि हे घरचंच तिखट मला कोणी दाखवलं नाही!" लगेच साहेबांना फोन लावला. मिरच्या काढा. बाईंचं नाव लावा. आणि हे जे काय आहे, त्याचा पुडा काढता येतो का बघा.

मी बाहेर येऊन रस्त्यावर उभी राहून हसले, सर. लोक बघत होते. बघू दे.

सिनेमा ऑक्टोबरच्या दहा तारखेला लागतोय. अकोल्यात दुपारच्या खेळाला मी असेन. शेवटच्या रांगेत माझ्या शेजारी एक खुर्ची तुमच्यासाठी ठेवली आहे. तुम्ही आला नाहीत तर तिच्यावर पर्स ठेवता येईल, म्हणून ठेवलीय.

तुमची,
अनीसा


अकोला स्टेशन,
१० ऑक्टोबर २०२५

सर,

फलाटाच्या बाकावर बसून लिहिते आहे. अक्षर वाकडं आलं तर गाडीचा दोष नाही, गाडी अजून आलेली नाही. कागद मांडीवरच्या पर्सवर ठेवलाय.

थेटर भरलं होतं. बाळापूर, अकोट, मूर्तिजापूर, कुठून कुठून माणसं आली होती. आमचा दोन डोक्यांचा पक्षी पडद्यावर आला तेव्हा शिट्ट्या वाजल्या. सागवानी पक्ष्याला शिट्ट्या, सर! नटाला नाही! माझ्या शेजारच्या खुर्चीवर पर्स होती. मी दर पाच मिनिटांनी दाराकडे बघत होते आणि नंतर बघणं सोडून दिलं.

मग पंगत आली. कॅमेरा ताटावरून फिरला आणि पुढून एका बाईचा आवाज आला, "अवं, ताटात मिरची नाई!" कोणी तरी म्हणालं, "हे काय वऱ्हाडी जेवन हाय? बनवनारा पुन्याचा असन!" आणि हशा पिकला. एक रांग हसली, मग दुसरी. मी पर्स उचलून मांडीवर घेतली. ज्याच्यासाठी मी भांडले, नाव घालवलं, परत मिळवलं, त्यालाच माझी माणसं हसत होती. आणि त्यांना सांगणार कोण? पडद्यावर तळटीप नसते. तुमचं वाक्य माझ्या कानात वाजायला लागलं.

आणि मधल्या रांगेतून खोकला आला.

तो खोकला मी हजार माणसांत ओळखेन. त्याच्या मागोमाग तो आवाज आला, जो विनामाइक वर्गाच्या मागच्या भिंतीला लागायचा.

"हसू नका! मिरची तवा या देशात आलीच नव्हती. ते पोर्तुगिजांनी आनली, या गादीच्या नंतर. ताटात दिसून राहिली ते पानपिंपळी हाय, आपल्या अंजनगावाकडची. तिथं तवा पिकत होती याचा पुरावा नाई. बाजारात भेटत होती, एवढंच म्हनता येते."

पुढच्या रांगांनी माना मागे वळवल्या. पडद्यावर मनकर्णाबाई बोटं चाटत होती. मग अंधारातून कोणी तरी अदबीने विचारलं, "गुरुजी, तुमाले कसं मालूम?"

"माह्या विद्यार्थिनीनं लिवून कळवलं."

मी तोंडावर पदर धरला, सर. ती बाई आता तिच्या शेजारणीला सांगत होती, शेजारीण पुढच्या रांगेला. मनकर्णाबाई "आनखी वाढा!" म्हणून ओरडली तेव्हा टाळ्या अशा पडल्या की पुढचा संवाद कोणाला ऐकूच आला नाही. पाट्या लागल्या. माझं नाव लेखकाच्या लगेच नंतर, माझ्या एकटीची पाटी. ते मी डोळे भरून पाहिलं, पण धड वाचता आलं नाही. दिवे लागले तेव्हा मधल्या रांगेत तुम्ही नव्हता. दारावरचा माणूस म्हणाला, म्हातारेबुवांनी सकाळीच रांगेत उभं राहून स्वतःचं तिकीट काढलं होतं. मी ठेवलेल्या खुर्चीत बसाल तर ते तुम्ही कसले!

तुमच्या मागे जठारपेठेत धावतच यायचं होतं. पण संध्याकाळी अमरावतीचा खेळ आहे आणि मला तिथं पोचायचंय. तिथं कोणी हसलं तर मी आता घाबरणार नाही. मी स्वतःच उभी राहीन आणि तुमच्या आवाजात सांगेन.

तुम्ही विचारलं होतंत, पडद्यावर तळटीप कुठं देशील. मला उत्तर येत नव्हतं, म्हणून मी चार पत्रं लिहिली. उत्तर आज तुम्हीच दिलंत, आणि तेही स्वतःच्या पैशाच्या तिकिटावर.

गाडी आली. रविवारी सकाळी मी जठारपेठेत येते आहे. या खेपेला चहा निवू देणार नाही. जेवायलाही थांबणार आहे. काकूंना सांगा, भाजीत मिरची सढळ हाताने पडू द्या.

तुमची विद्यार्थिनी,
अनीसा